राजाच्या मनगटावरचा धागा

प्रथम शस्त्रांविषयी सांगते, कारण पुढचा सारा तंटा त्यांच्यावरूनच झाला.

माझ्या कादंबरीतील जगात लोक लोखंडाने लढत नाहीत, वेळेने लढतात. 'थोप' नावाचे एक शस्त्र आहे. ते शत्रूवर रोखले की तो त्या क्षणातच रुतून बसतो: तलवार उगारलेली, तोंड अर्धवट उघडलेले, नाकाजवळची माशीदेखील हवेत अडकलेली. 'ओढ' नावाचे दुसरे. त्याने समोरच्याची वर्षे पुढे ओढता येतात. तरुणपणी टाच मारून निघालेला स्वार आपल्यापर्यंत पोहोचतो तेव्हा त्याला घोड्यावरून उतरवायला दोन माणसे लागतात. 'पलट' एका श्वासाइतका वेळ मागे नेते आणि छातीत शिरलेला बाण पुन्हा धनुष्यावर जाऊन बसतो. या सर्वांहून मोठा आहे तो 'घाणा'. तो रणांगणावर कोणी नेत नाही. डोंगरावरच्या नगरात, राजवाड्याच्या तळघरात तो अखंड फिरत असतो आणि बाकीच्या शस्त्रांना लागणारा वेळ गाळून देतो.

तो वेळ कोणाचा, एवढाच प्रश्न मी कादंबरीत विचारला होता.

हे लिहिणारी मी कोण, तेही सांगायला हवे. पदार्थविज्ञानात पदव्युत्तर शिक्षण घेतलेली, मूळची नाशिकची, लग्नानंतर दादरा-नगर हवेलीतील सिल्वासात आलेली, डोकमर्डीतील एका सदनिकेत राहणारी आणि सुताच्या कारखान्याची प्रयोगशाळा सांभाळणारी एक मध्यमवयीन बाई. लेखनाला मी पन्नाशी उलटल्यावर लागले. त्याआधी वाचले पुष्कळ, लिहिले मात्र केवळ तपासणीचे अहवाल. बोलण्याचा मला जन्मजात संकोच. कारखान्यातील साप्ताहिक बैठकीत प्रयोगशाळेचा विषय नेहमी सर्वांत शेवटी असतो आणि तो येईपर्यंत साहेब घड्याळाकडे पाहून म्हणतात, "मॅडम, तुमचं पुढच्या वेळी घेऊ ना?" मी मान हलवते. माझ्या वाटणीची ती मिनिटे विक्री विभाग, उत्पादन विभाग आणि हवापाण्याच्या गप्पा यांच्यात कुठेतरी मुरून जातात. वेळ ही एकाकडून काढून दुसऱ्याला देता येणारी वस्तू आहे, हे मला कोणत्याही ग्रंथाने शिकवले नाही. ते मी त्या बैठकीत, पाण्याच्या बाटलीकडे पाहत शिकले.

आमच्या कारखान्यात गुळगुळीत पॉलिएस्टर धागा तापवून, पीळ देऊन कुरळा करतात. बॉबिनवर गुंडाळलेला तो धागा यंत्रावरून उतरला की लगेच तपासता येत नाही. तो तापलेला आणि ताणलेला असतो. ठरावीक गारव्याच्या, ठरावीक दमटपणाच्या खोलीत त्याला काही तास निवांत ठेवावे लागते, तेव्हा कुठे तो आपला खरा स्वभाव सांगतो. त्या खोलीत सुताबरोबर बसण्याचे काम माझ्याकडे होते. बाहेर यंत्रांचा गडगडाट, आत शाल पांघरून मी. कादंबरीचा बहुतेक भाग त्या सक्तीच्या निवांतपणात लिहिला गेला.

तिथे माझ्याकडे येणारे माणूस एकच होते. तपासणी विभागात जांभळ्या दिव्याखाली बॉबिन पाहणाऱ्या बायकांपैकी एक शिरपूरकडची होती. एखाद्या बॉबिनवर शंका आली की ती ते घेऊन माझ्याकडे यायची आणि गारव्याचा लाभ घेत थोडी रेंगाळायची. तिचा नवरा शेजारच्या वसाहतीत प्लास्टिकच्या कारखान्यात होता. बारा-पंधरा वर्षे इथे काढल्याने तिच्या बोलण्यात खानदेश, गुजरात आणि हिंदी एकाच ताटात जेवत.

"मॅडम, रोज काय लिहिता? राजीनामा?" तिने एकदा विचारले.

"नाही. गोष्ट आहे."

"कोणाची?"

"वेळ थांबवणाऱ्या शस्त्रांची."

तिने दाराकडे पाहिले. "साहेबांना नका दाखवू. पहिली आपली जेवणाची सुट्टी थांबवतील ते."

मग मी तिला थोडे थोडे वाचून दाखवू लागले. तिला 'ओढ' आवडले नाही. ते शस्त्र आमच्याकडे आधीपासून आहे, ती म्हणाली, त्याला तिसरी पाळी म्हणतात. 'थोप' मात्र तिला फार हवेहवेसे वाटले. सकाळी डबे भरताना मुलांवर चालवून पाहिले असते, असे तिचे मत होते.

लेखन निम्म्यावर येऊन अडकले. घाण्याला वेळ पुरवणारे लोक मी डोंगराखालच्या खोऱ्यात वसवले होते. नगराने त्यांच्यातल्या प्रत्येकाच्या मनगटावर एक धागा बांधला होता आणि त्या धाग्यातून घाणा त्यांचा वेळ ओढत असे. बाई चुलीवर भात ठेवते, झाकण उघडते तो आत राख. मधला तास वर गेलेला. बाप मुलीला कडेवर घेतो आणि खाली ठेवतो तेव्हा ती त्याच्या खांद्याला लागलेली असते. वरच्या नगरातही सर्वजण धागा बांधत, राजासुद्धा, पण त्यांच्या धाग्यांना घाणा ओळखत असे आणि वगळत असे. डोळ्यांना दोन्ही धागे अगदी सारखे दिसत. खोऱ्यातल्या कोणाला भेद कळू नये, म्हणून नगराने ते मुद्दाम तसे केले होते. इतके सारे रचून झाले, पण या लोकांची सुटका कशी होणार हे मला सुचेना. त्यांच्याजवळ शस्त्र नव्हते. शस्त्र द्यावे, तर त्याला वेळ लागणार, आणि तो पुन्हा कोणाचा, हा प्रश्न आलाच.

त्या वर्षीच्या आखाजीने मला वाट दाखवली.

आखाजी म्हणजे अक्षय्य तृतीया. आपल्याकडे त्या दिवशी आमरस होतो आणि सोने घेतात. खानदेशात लेकी माहेरी जातात, गौराई बसवतात, झाडाला झोके बांधून गाणी म्हणतात. सासुरवाशिणीला वर्षात तेवढेच दिवस आपले. आमच्या कारखान्यात खानदेशातील बायका इतक्या, की सर्वांना एकदम रजा मिळणे अशक्यच. म्हणून त्यांनी गावाकडची रीत इथे आणली होती. शेतात जशी सावड करतात, आज माझ्या शेतात तुम्ही सगळे, उद्या तुमच्या शेतात आम्ही, तशी या पाळ्यांची सावड करत. "आज मनी तू कर, आखाजीनंतर तुनी मी करसू." सगळे तोंडी. कोणाची पाळी कोणाकडे गेली हे कोणी लिहून ठेवत नसे, आणि प्रत्येक दिव्याखाली एक माणूस उभे असले की पर्यवेक्षकही खोलात शिरत नसे.

शिरपूरच्या बाईने आखाजीच्या दिवसाची आपली पाळी नंदुरबारच्या एकीला दिली. तिच्याकडे लग्न निघाले. तिने ती पुढे वलसाडच्या एका बाईला दिली. त्या बाईने आणखी कोणाला. अशी ती पाळी हातोहात फिरत एका नव्या, बिहारहून आलेल्या मुलीकडे पोहोचली. आदल्या दिवशी त्या मुलीला ताप भरला. ती शिरपूरच्या बाईकडे आली, कारण होळीला तिने हिची पाळी केली होती आणि त्याची फेड राहिली होती.

"दीदी, कल मेरी जगह खड़ी रहोगी?"

शब्द दिलेला. ही हो म्हणाली. नंतर सहज विचारले, की ही पाळी मुळात कोणाची. मुलीला ठाऊक नव्हते. मग एकीकडून दुसरीकडे विचारत, माग काढत ही पोहोचली ती स्वतःपाशी.

दुसऱ्या दिवशी ती शंकेचे बॉबिन घेऊन आली तेव्हा मी चकित झाले.

"तू इथे कशी? माहेरी जाणार होतीस ना?"

"मॅडम, मीच माझी बदली करी राहिली," ती म्हणाली आणि सांगताना इतकी हसली, की टेबलाला धरून तिला उभे राहावे लागले.

"अगं, मग नाही म्हणायचंस."

"कोणाला? पोरीला ताप. शब्द माझा. पाळी बी माझीच. भांडू कोणाशी?"

"आई काय म्हणाली?"

"शिव्या दिल्या. म्हणे, माझ्या पोटी येडं जन्माला आलं." हसू ओसरले तशी ती बॉबिनवरचा धागा नखाने सोडू-गुंडाळू लागली. "झोका बांधला होता. बहिणीच्या पोरी बसल्या असतील."

ती गेल्यावर मी गार खोलीत वही पुढे ओढली. माझ्या खोऱ्यातील लोकांना शस्त्राची गरज नव्हती. त्यांनी फक्त एकमेकांना वेळ द्यायचा होता. तू माझा धागा घाल, माझ्या बहिणीचे बाळंतपण आहे. मी तुझा घालीन, तुझी पेरणी आहे. घाणा ज्याचा वेळ ओढू पाही, तो धागा दुसऱ्याच मनगटावर निघे. देवघेव इतकी वाढत जाते, की कोणाच्या हातावर कोणाचा धागा हे त्यांचे त्यांनाही सांगता येत नाही. राजाला स्नान घालणारी बाई खोऱ्यातलीच असते. स्नानाच्या वेळी ती राजाचा धागा आणि आपल्या हातावरचा धागा उतरवून खुंटीवर ठेवते आणि नंतर पुन्हा बांधते. एके दिवशी घाईत अदलाबदल होते. तिच्या मनात काहीही नसते. तिला लवकर घरी जायचे असते. पुढच्या युद्धात राजा घाणा पूर्ण जोराने फिरवण्याची आज्ञा देतो आणि वेळ त्याच्याच मनगटातून जाऊ लागतो.

मी तिला दुसऱ्या दिवशी विचारले, की तिची हकिगत मी अशा रीतीने वापरली तर चालेल का.

"घ्या ना," ती म्हणाली. "पण मॅडम, मी आठ तास उभी राहिली. तुमच्या राजाला सोडू नका. नाही तर शेवटी माफ करून टाकाल. तुम्ही तशाच आहात."

मी सोडणार नाही, असे तिला सांगितले. मी फारसे शब्द देत नाही, त्यामुळे दिलेले माझ्या लक्षात राहतात.

कादंबरी पूर्ण झाल्यावर ती मी आमच्या मराठी मंडळाच्या अध्यक्षांना वाचायला दिली. हे निवृत्त अभियंते, पुण्याचे, माझ्या यजमानांचे जुने सहकारी आणि अत्यंत उत्साही गृहस्थ. त्यांनी मला न विचारता तिची प्रत पुण्यातील एका प्रकाशनाच्या संपादकांकडे पाठवली. संपादकांचा दूरध्वनी आला तेव्हा मी भाजी चिरत होते.

"ताई, तुमची शस्त्रं उत्तम आहेत," ते म्हणाले. "मराठीत असं फारसं कुणी करत नाही. आम्ही पुस्तक काढू. पण शेवट बदलावा लागेल."

मी सुरी खाली ठेवली. माझे मौन बहुधा होकारासारखे ऐकू येते.

"असं बघा, चुकून मिळालेला विजय वाचकाला पचत नाही. नायक कुठे आहे? धाग्यांची अदलाबदल करणाऱ्या पन्नास बायका आणि एक न्हाणीवाली, यांच्यावर पुस्तक संपत नसतं हो. तुम्ही एक राजपुत्र आणा. लहानपणी हरवलेला, खोऱ्यात वाढलेला. तो तळघरात शिरतो, घाणा ताब्यात घेतो. आणि नावं जरा भारदस्त करा. घाणा काय? कालचक्रास्त्र म्हणा."

"मग त्याच्या शस्त्राला लागणारा वेळ कुठून येईल?" मी विचारले. आवाज इतका हळू निघाला, की मला वाक्य पुन्हा म्हणावे लागले.

"ताई," ते हसून म्हणाले, "वाचकाला शस्त्र हवं असतं. त्याचं बिल कुणी भरलं, हे त्याला नको असतं."

दोन दिवसांनी अध्यक्ष घरी आले. मंडळाच्या रविवार सकाळच्या साहित्य कार्यक्रमाला संपादक प्रमुख पाहुणे म्हणून येणार होते आणि तेथेच पुस्तकाची घोषणा करायची असे ठरले होते. फलक छापायला गेला होता.

"वहिनी, एका प्रकरणाचा तर प्रश्न आहे," ते म्हणाले. "आम्ही अख्खं पुणं सोडून इथे आलो, तुम्हाला एक प्रकरण सोडवेना?"

"मला वाटतं, ते प्रकरण हीच कादंबरी आहे."

"पहिल्या पुस्तकाला सगळ्यांनाच असं वाटतं. आणि स्पष्ट बोलतो, राग मानू नका, या वयात दुसरं दार उघडेलच असं नाही."

राग मला आला नाही. त्यांचे म्हणणे खरे असण्याचा संभव होता, आणि त्याचेच भय वाटले. यजमान म्हणाले, "तुझं तू ठरव," आणि वर्तमानपत्रात बुडाले. ते नेहमी असेच करतात आणि मला त्याची सवय आहे.

मी प्रामाणिक प्रयत्न केला. राजपुत्राचे प्रकरण लिहून पाहिले. ते माझ्या अपेक्षेपेक्षा चांगले उतरले, हे कबूल केले पाहिजे. तळघरातील झुंज तर मूळ पुस्तकातील कोणत्याही लढाईहून सरस झाली. राजपुत्र घाणा जिंकून बाहेर येतो, उजाडत असते, खोऱ्यातील लोक जमलेले असतात. आता ते काय करतील, म्हणून मी लेखणी थांबवली. त्यांना करण्यासारखे काही उरले नव्हते. भात करपवलेली बाई, एका बैठकीत मुलगी मोठी झालेला बाप, न्हाणीतली बाई, सगळी एका रांगेत उभी राहून टाळ्या वाजवत होती. ज्यांचा वेळ आयुष्यभर ओढला गेला, त्यांचा उरलासुरला वेळही मी एका देखण्या तरुणाचे कौतुक करायला लावला होता. घाणा याहून वेगळे काय करत होता?

तो शेवट मी बाजूला ठेवला. संपादकांना मात्र काहीच कळवले नाही. ते धैर्य माझ्यात नव्हते. तसाच रविवार आला.

संपादक आदल्या दिवशीच आले होते आणि अध्यक्षांनी त्यांना जवळच्या वासोणा अभयारण्यात सिंह दाखवून आणले होते. सिंह झोपलेले होते, असे त्यांनी भाषणात सांगितले, आणि सभागृह हसले. पहिल्या रांगांत औद्योगिक वसाहतीतील अभियंते, व्यवस्थापक, त्यांच्या पत्नी. मागच्या खुर्च्यांवर शिरपूरची बाई तपासणी विभागातील चार-सहा बायकांना घेऊन आली होती. मी तिला बोलावले होते. त्या दाराजवळ बसल्या होत्या, कारण तिघी-चौघींना दुपारच्या पाळीला जायचे होते.

मला दहा मिनिटे दिली होती आणि 'थोप'ची लढाई वाचण्यास सांगितले होते. माझ्यानंतर एका ज्येष्ठ कवींचे काव्यवाचन, मग संपादकांकडून घोषणा. मी ध्वनिक्षेपकासमोर उभी राहिले, कागद उघडले आणि धाग्यांचे प्रकरण वाचू लागले.

पहिली दोन पाने माझा आवाज कोणालाही ऐकू गेला नसावा. "मोठ्याने, मोठ्याने," असे कोणीतरी म्हणाले. मी मोठ्याने वाचू लागले, आणि ते इतके अवघड नव्हते. संपादकांनी चष्मा काढून पुसला. त्यांनी प्रकरण ओळखले होते. थोड्या वेळाने अध्यक्षांनी पुढे सरकवलेली चिठ्ठी माझ्या हाताशी आली: 'वेळ संपली.' मी ती वाचली आणि पान उलटले.

आयुष्यात इतक्या वेळा मी "ठीक आहे, पुढच्या वेळी" असे म्हटले होते, की ते शब्द आपोआप जिभेवर आले होते. मी त्यांच्यावरून पुढे वाचत गेले. अध्यक्ष उठून माझ्या बाजूला येऊन उभे राहिले आणि ध्वनिक्षेपक हाताने झाकून हळूच म्हणाले, "वहिनी, पुढचे कवी ताटकळलेत."

पहिल्या रांगेतून कवींनी ते ऐकले. "वाचू द्या हो त्यांना," ते बसल्या जागेवरून म्हणाले. "माझ्या कविता या गावात सगळ्यांनी ऐकल्यात. मलाही आता त्या राजाचं काय होतं ते बघायचंय."

मी न्हाणीच्या प्रसंगापाशी आले होते. बाई राजाचे पाय पुसते, खुंटीवरचा धागा काढते, बांधते आणि लगबगीने निघते. युद्ध पेटते. राजा म्हणतो, फिरवा. घाणा फिरतो. राजाच्या हातातला पेला ओठांशी नेण्याआधीच रिता होतो. त्याची सावली एका दमात पूर्वेकडून पश्चिमेकडे जाते. तो ओरडतो, कोणाचा वेळ घेता आहात? प्रधान विनयाने उत्तर देतो, महाराज, नेहमीच्याच लोकांचा.

मागे दाराजवळ शिरपूरची बाई हसली. तिचे हसणे मला चांगले ठाऊक होते, टेबलाला धरून उभे राहण्याचे. लगोलग तिच्याबरोबरच्या साऱ्या हसल्या, कारण त्यांच्यापैकी प्रत्येकीच्या हातून ती आखाजीची पाळी कधी ना कधी गेलेली होती. पुढच्या रांगांतील मंडळींनी वळून पाहिले. एका व्यवस्थापकांनी ओठांवर बोट ठेवले. त्या थांबल्या नाहीत. मीही थांबले नाही. शेवटपर्यंत वाचले आणि राजाला क्षमा केली नाही.

टाळ्या पडल्या, फार नाही. कवींनी एकच छोटी कविता म्हटली. घोषणा झाली नाही; संपादकांनी मराठी भाषेच्या भवितव्याविषयी दोन शब्द सांगितले आणि माझ्या मागे लावलेला फलक तसाच लटकत राहिला.

चहाच्या वेळी ते माझ्याकडे आले. रागावलेले नव्हते, खरोखरच कोड्यात पडलेले दिसले.

"ताई, तो राजाच्या मरणाचा प्रसंग आहे. त्या बायका हसल्या कशाला?"

"त्यांना तो कळला."

"पुण्यातल्या वाचकाला कळणार नाही."

"हळूहळू कळेल."

त्यांनी चहाचा घोट घेतला. "असं करू. राजपुत्राचा शेवट मुख्य ठेवू आणि तुमचं हे प्रकरण परिशिष्ट म्हणून मागे टाकू. दोघांचंही राहील."

"त्यांना मागे टाकायचं नाही," मी म्हणाले. "त्या मागे बसतातच."

"मग आमच्याकडून हे पुस्तक होणार नाही. तुम्हाला समजतंय ना मी काय म्हणतोय?"

"समजतंय."

"उद्या दुसऱ्या कुणाकडे गेलात तरी हेच सांगतील."

"सांगू देत. मीही त्यांना हेच सांगीन."

अध्यक्ष जवळच होते. "वहिनी, निदान विचार करायला थोडा वेळ घ्या," ते काकुळतीने म्हणाले. त्यांच्या फलकाचे मला वाईट वाटले. तो त्यांनी हौसेने करवून घेतला होता. पण विचार करून झाला होता. त्या गार खोलीत, सुताशेजारी बसून, तो मी त्यांच्यापेक्षा फार अधिक केला होता.

"माझी हस्तलिखित प्रत तुमच्याकडे आहे," मी संपादकांना म्हटले. "ती मला आजच परत हवी."

"गाडीत आहे. गाडी पार पलीकडे लावलीय, उन्हात. पुण्याला गेल्यावर कुरिअरने पाठवतो ना."

एरवी मी म्हटले असते, हो, काही घाई नाही, तुमच्या सवडीने पाठवा. ते वाक्य मला तोंडपाठ आहे.

"मी थांबते," मी म्हणाले.

त्यांनी माझ्याकडे पाहिले, मग अध्यक्षांकडे, आणि कप ठेवून बाहेर पडले. मी पायऱ्यांवर उभी राहिले. दुपारच्या पाळीच्या बायका रिक्षात दाटीवाटीने बसून निघाल्या. शिरपूरची बाई मात्र थांबली आणि माझ्याजवळ येऊन उभी राहिली. संपादक रस्ता ओलांडून, डोक्यावर रुमाल धरून चालत गेले आणि बऱ्याच वेळाने तसेच चालत आले.

मी गठ्ठा घेतला, त्यांचे आभार मानले आणि त्यांच्यासमोरच शेवटची पाने उघडून पाहिली. धाग्यांचे प्रकरण त्यात होते. त्यावर लाल पेन्सिलीने वरपासून खालपर्यंत एक तिरपी रेघ ओढलेली होती, आणि तिच्याखालची सारी अक्षरे स्वच्छ वाचता येत होती.